आडवं विमान

सकाळी सोसायटीच्या ग्रुपवर सूचना पडली : सभासदांनी गच्चीवर मिरच्या वाळत घालू नयेत, इतरांना त्रास होतो. खाली लगेच अंगठ्यांची रांग. त्रास होतो म्हणे! रविवारी गच्चीवर स्पीकर लावून वाढदिवस साजरे होतात तेव्हा कुणाला काही होत नाही, मिरच्यांनी मात्र यांचे जीव कासावीस. वर्षाचं तिखट घरपोच पिशवीतून मागवणारी ही माणसं. त्या पिशवीत मिरची किती आणि रंग किती हे विचारायची अक्कल नाही, पण नाकं भारी नाजूक. मी अंगठा दिला नाही. उठून खिडकी सताड उघडली. मागच्या गल्लीतलं कांडप सुरू झालं होतं, वाऱ्याबरोबर खकाणा आत आला आणि मला सणसणीत शिंक आली. शिंक आली की माझ्या मनात अजूनही पहिल्यांदा एकच येतं : गेली लाईफ.

हे कळायला नाशिकरोडची आमची गिरणी पाहिलेली हवी, आणि ती आता पाहता यायची नाही. तिथे मोबाइलच्या कव्हरांचं दुकान आहे. माझे वडील, नाना, सिन्नरकडच्या खेड्यातून आले आणि त्यांनी पिठाची गिरणी टाकली. मध्ये गहू-बाजरीचं जातं, मागे मिरची कांडायचं यंत्र, आणि पुढे रस्त्याकडच्या भिंतीला व्हिडिओ गेमचं मशीन. गिरणीत व्हिडिओ गेम कशाला, असं लोक आता हसून विचारतात. दळण होईपर्यंत डबा घेऊन आलेलं पोर काय भजन करत बसणार होतं?

परीक्षा उरकल्या की दोन्ही गर्दी एकदम उसळायची. बाया मिरच्यांच्या पिशव्या घेऊन यायच्या, देठं खुडलेल्या, उन्हात कडकडीत वाळवलेल्या, वर भाजलेल्या धण्या-खोबऱ्याचा वेगळा पुडा. लोखंडी मुसळं धाडधाड आपटायची, लाल धूळ छपराच्या पत्र्यापर्यंत चढायची. आणि पुढे नोटा छापायच्या प्रेसच्या क्वार्टर्समधली पोरं तोंडाला रुमाल बांधून विमान उडवायची. रस्त्यावरून जाणाऱ्याला वाटावं, दरोडेखोर जमलेत. गेमच्या दांडीवर पिठाचा थर, बटणांच्या फटीत तिखट. खेळून झाल्यावर ज्यानं डोळे चोळले त्याचं कल्याण व्हायचं.

ऐन मोक्याला शिंक यायची, डोळे मिटायचे आणि विमान फुटायचं. मग भांडण. "नाना, मिरचीनं गेली, माझी चूक नाय!" शेवटी नानांनी कायदाच केला : शिंकेनं मेला त्याला एक डाव फुकट. मग काय विचारता! आमच्या गिरणीत त्या उन्हाळ्यात जेवढ्या खोट्या शिंका झाल्या तेवढ्या कुठल्या नाटकातही झाल्या नसतील. नाना जात्यापाशी पाठमोरे उभे असायचे. नुसता आवाज ऐकून ओरडायचे, "ही नाकातली नाय, घशातली हाय. टाक पैसे." चुकायचे नाहीत.

आता लोक या दिवसांना गोड म्हणतात. गोड कसले डोंबलाचे? अंग चुरचुरायचं, घामाची आणि पिठाची खळ व्हायची, पंखा लावला की तिखट उडतं म्हणून पंखा बंद. ज्यांनी कधी मिरची कांडली नाही त्यांनाच तो वास आठवून गहिवर येतो. पण या मंडळींच्या आठवणींचा बाजार सध्या तेजीत आहे, आणि त्यातलं एक गिऱ्हाईक माझ्याच घरात राहतं.

मिलिंद, म्हणजे माझा नवरा. त्याला यंदा याच दिवसांत बालपण आठवलं, आणि ते आठवण्यासाठी त्याला पार्सल मागवावं लागलं. पार्सलात पत्त्यांच्या कॅटाएवढा एक कॉम्प्युटर, त्याला वायरींचं शेपूट, आणि दांडी नि बटणं बसवलेली एक काळी पेटी. त्या कॉम्प्युटरमध्ये म्हणे एम्युलेटर घालायचा. एम्युलेटर म्हणजे नव्या यंत्राला जुन्या गेमच्या मशीनचं सोंग आणायला लावणारी करामत. सोंग आणायला आमच्या घरात एक माणूस पुरेसा होता, पण असो.

सुरुवातीला नुसता काळा पडदा. मग काळ्यावर पांढरी अक्षरं भराभर उतरायची आणि मध्येच थिजायची. मिलिंद समोर मांडी घालून व्हिडिओ बघायचा, त्यात एक दाढीवाला 'हे अगदी सोपं आहे' असं पुन्हा पुन्हा सांगायचा. चार्जर कमी ताकदीचा निघाला. तो बदलला तर मेमरी कार्ड बाद निघालं. ते बदललं तर बटणं भलतीकडेच जोडली गेली, गोळी झाडायला गेलं की गेमच बंद व्हायचा. मी शेजारी पेपर तपासत बसलेली. मी शाळेत विज्ञान शिकवते, तेव्हा तुच्छतेचा मला रोजचा सराव आहे. नववीतल्या एकानं त्या दिवशी लिहिलं होतं की विमान हवेत तरंगतं कारण ते आतून पोकळ असतं. मी मिलिंदकडे बघितलं आणि पोराला अर्धा मार्क दिला.

एकदाचं सुरू झालं, तर यादीत हजारो गेम. चोरीचेच सगळे, पण 'आता ते कुणी विकतच नाही' असं म्हटलं की यांच्यात चोरी माफ असते. मिलिंद यादी खाली सरकवायचा, एक उघडायचा, अर्धा मिनिट खेळायचा, 'आहाहा, काय दिवस होते' म्हणायचा आणि दुसरा उघडायचा. लग्नाच्या पंगतीत प्रत्येक पदार्थ उष्टावून ठेवणारे असतात ना, तसा. मेलं की बटण दाबायचं, पुन्हा जिवंत. पैसे नाहीत, मागे ताटकळलेलं कुणी नाही, 'आता उतर की!' म्हणून शर्ट ओढणारं कुणी नाही. त्यातही 'सेव्ह' म्हणून एक सोय आहे : मरायच्या आधीची जागा राखून ठेवायची आणि मेलं की तिथूनच पुढे. असा एक गेम त्यानं शेवटपर्यंत नेला आणि मला मोठ्या अभिमानानं हाक मारली. मी म्हटलं, कॉपी करून पास झालेल्यांचे पेढे आमच्या शाळेत कुणी खात नाही.

आणखी एक सोय ऐका. नव्याकोऱ्या पडद्यावर जुन्या टीव्हीसारख्या बारीक रेघा उमटवायच्या! महागाचा पडदा आणायचा आणि तो खराब दिसावा म्हणून दोन रविवार घालवायचे. हे त्याला त्याच्या ग्रुपनं शिकवलं. ग्रुप म्हणजे चाळिशी ओलांडलेले, पोटं सुटलेले, छातीवर गेमची चित्रं मिरवणारे बाप्ये. त्यांचा म्होरक्या पराग. परागला प्रत्येक गोष्ट 'ऑथेंटिक' लागते. एकदा आमच्याकडे जेवायला आला तर मिसळीच्या रश्श्यावर व्याख्यान दिलं त्यानं, आणि मग त्यात दही कालवून खाल्लं.

तर आमच्या गिरणीतला गेम. तो आडवा होता. हे नीट सांगायला हवं. आपलं विमान पडद्याच्या डाव्या कडेला, जाणार उजवीकडे. शत्रूची विमानं उजवीकडून यायची. इथवर ठीक. पण अक्षरंही आडवी, म्हणजे चक्क कुशीवर लोळलेली. गुण, नावं, खेळ संपल्याची पाटी, सगळं झोपलेलं. वाचायचं तर मान उजव्या खांद्यावर टाकायची. एकदा पोरांनी विचारलं, "नाना, हे काय लिहिलंय?" नाना गव्हाचा डबा जात्यात ओतत म्हणाले, "जपानी हाय ते." झालं! अख्ख्या आळीनं मानलं की जपानी लिपी म्हणजे झोपलेली इंग्रजी. मी तर पाचवीत भूगोलाच्या तासाला उभं राहून हे सांगितलं. बाईंनी मला खाली बसवलं. मला वाटलं, बाईंना जपानी येत नाही.

मोठेपणी दोन मिनिटं विचार केला असता तर कोडं सुटलं असतं, पण मोठेपणी कोण गिरणीतल्या गेमचा विचार करत बसतं? मला आठवतं तेव्हापासून तो आडवाच होता. तवा गोल असतो, तसा तो आडवा. आणि त्या आडव्या विमानावर माझ्याइतका हात कुणाचा नव्हता. 'मालकाची पोरगी, फुकट खेळती,' असं पोरं कुजबुजायची, पण समोर उभं राहायची टाप नव्हती. मुलींनी खेळू नये असा नियम कुठे लिहिलेला नव्हता, तरी एकही मुलगी पुढे यायची नाही. दळणाचा डबा ठेवायची, लांबूनच बघायची आणि ओढणीनं नाक दाबून निघून जायची. अजून फोटोवाले मला म्हणतात, "मॅडम, मान जरा सरळ." मी सांगत नाही कशामुळे.

नाना सध्या माझ्याकडे आहेत. मोतीबिंदू काढलाय, काळा चष्मा लावून संध्याकाळी सोसायटीसमोरच्या बागेत जाऊन बसतात. गिरणी त्यांनी मिटवली, कारण लोक पिशवीतलं पीठ खायला लागले आणि पोळ्या वातड होतात म्हणून बायकोला बोलायला लागले. गिरणी गेली, जातं भंगारात गेलं, गेमचं मशीन तर त्याच्याही आधी. आता माणसाकडे अभिमानानं सांगण्याजोगं काय उरतं? नानांकडे तो गेम उरला. डोळ्यांच्या डॉक्टरांना सांगून झालं, वॉचमनला झालं, बागेतल्या म्हाताऱ्यांना तर पाठ झालं असेल. "आख्ख्या नाशकात तसा गेम कोणाकडं नव्हता. लय अवघड. मनमाडहून पोरं यायची खेळायला." मनमाडहून पोरं यायची हे खरंच आहे. त्यांचे मामा नाशिकरोडला होते.

तो गेम मिलिंदनं यादीतून शोधून काढला. माझ्यासाठी काढला, हे मान्य करते. "ओळख बघू," म्हणाला. पडद्याच्या मधोमध एक उभी चिंचोळी पट्टी, दोन्हीकडे काळोख. खाली विमान, आणि ते वर चाललेलं. अक्षरं ताठ उभी.

"बिघडलंय," मी म्हटलं. "उभं झालंय."

"अगं, हा उभाच गेम आहे."

"आमचा आडवा होता. अक्षरं झोपलेली होती त्यातली."

मिलिंद माझ्याकडे बघत राहिला. मग त्याचा चेहरा हळूहळू उजळला. "म्हणजे नानांनी पडद्याची ट्यूब आडवीच ठेवली! अगं, असल्या गेमला पडदा उभा बसवायचा असतो. त्यांना कळलंच नाही! अख्खा नाशिकरोड इतकी वर्षं मान वाकडी करून खेळला!" तो पोट धरधरून हसला, आणि हसत हसत त्यानं ते ग्रुपवर टाकलंसुद्धा. लगेच परागचे दात काढलेले चेहरे.

माझं डोकंच फिरलं. उंटावरचे शहाणे सगळे! यांनी कधी एक बल्ब तरी बदललाय का शिडीवर चढून? दाढीवाल्यानं सांगितलेलं बघून बघून यांना जे जमायला महिना लागला ते नानांनी सुतार, वायरवाला आणि स्वतःची अक्कल एवढ्यावर उभं केलं होतं. चुकलं असेल, उभं करायचं ते आडवं झालं असेल. पण म्हणून यांनी हसायचं? आणि हसणं राहू दे बाजूला. नाना ज्या एका गोष्टीवर ताठ मानेनं बोलतात तीच चूक होती, हे त्यांना या वयात कळलं तर ते बागेत कुठल्या तोंडानं बसणार होते?

"नानांना हे कळता कामा नये," मी मिलिंदला बजावलं.

"पण खरं आहे ते."

"मग त्या खऱ्याचं लोणचं घाल. माझ्या बापाला वाढायचं नाही."

मिलिंदनं मान डोलावली. माणूस वाईट नाही, नुसता बरोबर असतो. बरोबर असणाऱ्या माणसांबरोबर संसार करणं ही एक वेगळीच शिक्षा आहे. पुढच्या रविवारी ग्रुप आमच्याकडे यायचा होता. पराग पडदा उभा बसवायचा स्टँड घेऊन येणार आणि सगळे ऑथेंटिक खेळणार. मी मिलिंदला शपथ घातली : नाना बागेतून परतायच्या आत पडदा स्टँडवरून काढून कुशीवर पाडायचा. उभा गेम कुशीवर पडला की झाला आमचा गिरणीतला. नाना खूश, माझी काळजी मिटली, आणि ऑथेंटिकवाले आपापल्या घरी.

रविवार आला. मंडळी आली, चपलांचा ढीग पडला, वेफर्सचा चुरा सोफ्यावर. पडदा उभा राहिला. पराग खेळायला बसला आणि एकेका गोळीगणिक माहिती देऊ लागला. कुठला गेम कुठल्या साली आला, कुठल्या देशात बटणाचा रंग कोणता होता. खेळताना मरत होता सारखा, पण माहिती थांबत नव्हती. मी स्वयंपाकघरात चहाचं आधण ठेवलं होतं, आणि दार वाजलं. नाना. अजून उन्हंही उतरली नव्हती.

"इतक्या लवकर?" मी म्हटलं.

"काय बसायचं तिथं! समदे म्हातारे झालेत. नुसत्या गोळ्यांच्या गप्पा." असं म्हणत ते आत आले आणि पडद्यासमोर थबकले. काळा चष्मा कपाळावर सरकवला. "हा तर आपला गेम."

"हो नाना," मी घाईनं मध्ये पडले. "मिलिंदकडून चुकून उभा लागलाय. करतोय तो आडवा."

"चुकून?" पराग दांडी सोडून वळला. त्याच्या तोंडावर ते हसू आलं, लहान मुलाला पंख्याला हात लावू नको सांगताना आणतात तसलं. "काका, ओरिजिनल असाच असतो, उभा. तुमच्याकडेच तो आडवा लावला गेला होता. होतं असं. त्या काळात माहिती कुठे होती आपल्याकडे!"

माझ्या हातात सांडशी होती. ती मी कशी आवरली माझं मला ठाऊक. मिलिंदनं खाली मान घातली. पडद्यावर परागचं विमान फुटलं आणि कुणी बघितलं नाही. नाना त्या उभ्या पडद्याकडे, नव्या डोळ्यानं, बघत उभे राहिले.

"ठाऊक हाय मला," नाना म्हणाले. "उभाच व्हता. घेतला तवा सुताराकडनं पेटीच उभ्या ट्यूबची करून घेतली मी."

परागचं हसू तसंच राहिलं, फक्त त्यातला जीव गेला. "मग?"

नानांनी हनुवटीनं माझ्याकडे दाखवलं. "ही. एवढीशी व्हती. तेलाच्या डब्यावर उभी केली तरी हिला वरलं काय दिसायचं नाय. वरून गोळी यायची, हिला कळायचंच नाय कुठून आली. मेली की भोंगा. बाया दळण सोडून पळत यायच्या, कोणी मारलं पोरीला म्हणून. मग पाडला आडवा. वायरवाला म्हणला, नाना, समद्यांना वाकडं दिसंल. म्हणलं, दिसू दे. हिला दिसतंय ना?"

चहा उतू गेल्याचा वास आला तरी मी हलले नाही. मिलिंदनंच हळू विचारलं, "आणि गिऱ्हाईकं?"

"बोंबलायची. पोरं विचारायची, अक्षरं अशी का. आता काय सांगू, रडक्या पोरीपायी पाडलाय म्हणून? म्हणलं, जपानी हाय."

इतके दिवस मी बापाची चूक पदराखाली झाकून फिरत होते, आणि ती चूक नव्हतीच, ती मी होते. एवढ्या पोरांच्या माना वाकड्या केल्या माझ्या बापानं, माझ्यासाठी, आणि इतक्या वर्षांत एका शब्दानं बोलला नाही. माझ्यासाठी इतकं मायेचं कुणी काही केलेलं मला आठवत नाही.

"आता पुरती लांब झालीस की," नाना म्हणाले. "बस. खेळ बघू उभा."

पराग गुपचूप उठला. मी त्याच्या जागी बसले, दांडी धरली. शत्रू वरून आले आणि माझा हात जन्माच्या सवयीनं उजवीकडे गेला. विमान उजव्या कडेला जाऊन चिकटलं, वरून गोळी आली. पुन्हा तेच. पुन्हा तेच. सगळ्या लाईफ गेल्या. आणि मला रडू फुटलं. साधंसुधं नाही, नववीचा अख्खा वर्ग जिच्यापुढे चिडीचूप बसतो ती मी, परागसकट त्या सगळ्या बाप्यांसमोर, भोकाड पसरून रडले.

नानांनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. चष्मा डोळ्यांवर ओढला आणि मिलिंदला म्हणाले, "जावईबापू, पाडा हो आडवा."